टिपलेली बोली आणि टिकलेली बोली: इटलीच्या डोंगरातल्या ग्रीकचं काय होणार?

इटलीचा नकाशा बुटासारखा दिसतो. त्या बुटात पायाचा अंगठा जिथे येईल, तिथे, कालाब्रिया प्रांतात, आस्प्रोमोन्ते नावाचा डोंगर आहे. त्याच्या दक्षिण उतारावर, आमेन्दोलेआ नदीच्या खोऱ्याच्या आजूबाजूला बोवा, गालिचानो, रोक्काफोर्ते देल ग्रेको, कोंदोफुरी, रोगुदी अशी गावं आहेत. खाली समुद्राच्या काठाला बर्गमॉटच्या बागा लागतात. अर्ल ग्रे चहाला ज्या लिंबाच्या सालीचा वास येतो ते हे फळ, आणि जगातलं त्याचं बहुतेक पीक याच किनारपट्टीवर निघतं.

या डोंगरातली म्हातारी माणसं पाण्याला 'नेरो' म्हणतात आणि घराला 'स्पिती'. इटालियन माणसाला यातलं काहीच कळत नाही. त्याच्या भाषेत 'नेरो' म्हणजे काळा. अथेन्सहून आलेल्या माणसाला मात्र दोन्ही शब्द लगेच कळतात, कारण त्याचेही शब्द तेच आहेत. ही बोली ग्रीकचीच एक शाखा आहे, आणि बोलणारे तिला 'ग्रेको' म्हणतात. (बुटाच्या टाचेकडे सालेन्तो भागात 'ग्रीको' नावाची दुसरी बोली आहे. ती हिची बहीण, पण हा लेख तिच्याबद्दल नाही.)

अशा बोलीची बातमी आली की मथळा ठरलेला असतो: अमुक बोलीचे शेवटचे भाषक, आणि तिला 'जतन' करण्याची धडपड. इथे 'जतन' या एकाच शब्दात दोन वेगळी कामं कोंबलेली असतात. लोणचं घातलं की कैरी वर्षभर टिकते, पण बरणीतल्या फोडीला मोड फुटत नाही. त्यासाठी कोय जमिनीत जावी लागते. बोलीचंही तसंच आहे. ती टिपून ठेवणं हे एक काम आणि ती बोलती ठेवणं हे दुसरं. पहिलं काम ग्रेकोच्या बाबतीत बरंच झालं आहे. दुसरं का अडतं, ते समजून घेण्यासारखं आहे.

इटलीत ग्रीक आली कुठून?

इसवी सनापूर्वी आठव्या शतकापासून ग्रीक दर्यावर्दी दक्षिण इटलीच्या किनाऱ्यावर वसाहती करू लागले. आजचं रेज्जो कालाब्रिया शहर म्हणजे त्यांचंच रेगिओन. पुढे रोमन आले, त्यांच्यानंतर हा भाग कॉन्स्टँटिनोपलच्या, म्हणजे बायझंटाइन साम्राज्याच्या हाती राहिला. तिथली राज्यभाषा ग्रीकच होती. ११ व्या शतकात नॉर्मनांनी हा मुलूख जिंकला तरी मठांत, कागदपत्रांत आणि घरांत ग्रीक पुढे चालू राहिली. १४ व्या शतकात कवी पेत्रार्कने ग्रीक शिकायचा प्रयत्न केला, तेव्हा त्याला मिळालेला गुरू, बार्लाम, कालाब्रियाचाच होता.

आजची ग्रेको प्राचीन वसाहतींची थेट वारस आहे की बायझंटाइन काळात नव्याने रुजलेली, यावर विद्वानांमध्ये अनेक दशकं हमरीतुमरी झाली. जर्मन भाषाशास्त्रज्ञ गेऱ्हार्ड रोल्फ्स हा प्राचीन वारशाच्या बाजूचा. बऱ्याच इटालियन अभ्यासकांचं मत उलट होतं. दोन्ही बाजूंचे पुरावे एकत्र पाहिले, तर जुन्या पायावर बायझंटाइन काळात नवं बांधकाम चढलं, असं मानणं मला सर्वांत पटतं. आता बोव्यात या बोलीचं संग्रहालय आहे आणि त्याला रोल्फ्सचं नाव दिलेलं आहे. वादात कोण जिंकलं ते बाजूला ठेवलं, तरी गावाने आपली निवड केलेली दिसते.

ग्रीसमध्ये ग्रीक सुरक्षित आहे, मग हिची काळजी कशाला?

हा पहिला आक्षेप, आणि तो रास्त आहे. एक कोटीहून जास्त लोक ग्रीक बोलतात. डोंगरातल्या काही शेकडो म्हाताऱ्यांची बोली गेली तर ग्रीकचं काय बिघडणार?

उत्तर बोलीच्या आतल्या घडणीत आहे. मराठीत आपण 'मी येऊ शकतो', 'तू येऊ शकतोस' असं म्हणतो. यातलं 'येऊ' कुणासाठीच बदलत नाही. कोण येणार ते 'शकतो' किंवा 'शकतोस' यावरून कळतं. प्राचीन ग्रीकमध्ये क्रियापदाचं असं न बदलणारं रूप होतं. आजच्या ग्रीसमधल्या ग्रीकने ते टाकून दिलं. तिथे जवळपास 'मी शकतो की मी यावं, तू शकतोस की तू यावंस' अशा थाटाची वाक्यं होतात. ग्रेकोत मात्र 'शकणे' या अर्थाच्या क्रियापदामागे ते जुनं रूप अजून शिल्लक आहे. 'मी शकतो' याला ग्रेकोत 'सोन्नो' म्हणतात. (इटालियनमध्ये 'सोन्नो' म्हणजे झोप. शिकाऊ लोकांची इथे हमखास फसगत होते.) थोडक्यात, ग्रीसने ज्या खोलीला कुलूप लावलं, तिची एक खिडकी या डोंगरात उघडी राहिली आहे.

शब्दांची गोष्टही तीच. द्राक्षं तुडवायच्या हौदाला ग्रेकोत 'लानो' म्हणतात. अथेन्सच्या जुन्या बोलीत तो शब्द 'ए' स्वराने उच्चारायचे आणि आजच्या ग्रीकमध्ये तो 'ई' होतो. 'आ' होता तो डोरिक या दुसऱ्या प्राचीन शाखेत. चीजसाठी दूध घट्ट करायला करडाच्या जठरातून काढलेला पदार्थ वापरतात. त्याचं ग्रेकोतलं नावही डोरिक शब्दाशी जुळतं. हे दोन्ही शब्द कुठले आहेत ते पाहा: एक द्राक्षांच्या हौदाचा, दुसरा शेळ्यांच्या गोठ्याचा. बाहेरच्या माणसाशी ज्या कामात संबंध येत नाही, त्या कामाचे शब्द सर्वांत उशिरा बदलतात. म्हणून बोली टिपणाऱ्याने गावच्या पाद्र्याकडे जाण्याआधी धनगराकडे जावं.

प्रमाण ग्रीक शिकून हे परत मिळत नाही. वऱ्हाडी किंवा मालवणी हरवली तर पुण्याची मराठी शिकून ती परत येईल का?

मग ती आटली कशी?

एकदम नाही. १६ व्या शतकात, १५७० च्या दशकात, बोव्याच्या चर्चमध्ये ग्रीक पद्धतीची उपासना बंद होऊन लॅटिन पद्धत आली. ग्रीक लिहू-वाचू शकणारा वर्ग तिथेच संपला, आणि त्यानंतर ही बोली फक्त तोंडी उरली. १९ व्या शतकात ती आजच्यापेक्षा कितीतरी जास्त गावांत ऐकू येत होती. मग इटली एक राष्ट्र झालं आणि शाळा आली. शाळेत इटालियन, आणि घरचं बोलणं म्हणजे अडाण्याचं लक्षण. मुसोलिनीच्या राजवटीत अल्पसंख्य भाषांबद्दलचं धोरण आणखी कडक झालं. शाळेत ज्यांना टोमणे मिळाले ते मोठे झाले, आईबाप झाले, आणि त्यांनी पोरांशी इटालियन किंवा कालाब्रियाची स्थानिक, लॅटिनपासून निघालेली बोली बोलायचं ठरवलं. बोलीला सर्वांत मोठा फटका बसतो तो इथे, घरातल्या या अबोल निर्णयाने. त्यावर कुणाची सही नसते, म्हणून त्याची तारीखही सापडत नाही.

शेवटचा घाव पाण्याने घातला. रोगुदी हे गाव आमेन्दोलेआच्या दरीवर, कड्याच्या अरुंद धारेवर वसलेलं. १९७१ च्या ऑक्टोबरात अतिवृष्टीने पूर आला, दरडी कोसळल्या, आणि पुढच्या दीडेक वर्षात पुन्हा तेच झालं. गाव राहण्याजोगं नाही असं ठरलं आणि लोकांना हलवलं. नवं रोगुदी किनाऱ्यावर मेलितो दी पोर्तो साल्वो या गावाशेजारी उभं राहायला बरीच वर्षं लागली. तोवर माणसं पांगली होती. जुनं गाव आज ओस आहे.

धरणग्रस्तांचं पुनर्वसन पाहिलेल्या मराठी वाचकाला यातली मेख वेगळी सांगायला नको. घरं बांधून मिळतात, शेजार बांधून मिळत नाही. आणि बोली राहते ती शेजारात. दळायला, पाण्याला, शेळ्यांमागे जाताना रोज त्याच दहा माणसांशी बोलणं व्हायचं. ती दहा माणसं दहा ठिकाणी गेली की प्रत्येकाच्या आजूबाजूला इटालियन बोलणारेच उरतात. कुणाचीही बोली जात नाही, पण बोलायला समोर कुणी नसतं.

'धोक्यात' म्हणजे नेमकं किती?

युनेस्कोने धोक्यातल्या भाषांच्या पायऱ्या ठरवल्या आहेत. बहुतेक मुलं बोलतात पण काही ठिकाणीच, ही पहिली पायरी. मुलं घरी मातृभाषा म्हणून शिकत नाहीत, ही दुसरी. आजी-आजोबा बोलतात, आईबापांना कळते पण ते मुलांशी बोलत नाहीत, ही तिसरी, म्हणजे 'गंभीर'. त्यापुढे 'अतिगंभीर' आणि 'लुप्त'. युनेस्कोच्या नकाशात कालाब्रियाची ग्रीक 'गंभीर' पायरीवर आहे. इथे माणसांच्या डोकेमोजणीपेक्षा पिढीसंक्रमण पाहतात. म्हणजे आईच्या तोंडची बोली मुलाच्या तोंडी उतरते की नाही. पाचशे माणसांची बोली पोरं बोलत असतील तर ती धडधाकट असू शकते. पन्नास हजारांची बोली सगळे साठीच्या पुढचे असतील तर आजारी.

ग्रेको बोलणारे किती, याचे आकडे दोन-तीनशेपासून दोन हजारांपर्यंत सापडतात. मोजणाऱ्यांत कुणी खोटं बोलत नाही. प्रश्न 'बोलणारा' कुणाला म्हणायचं हा आहे. अमेरिकेतल्या मराठी घरात आजी मराठीत विचारते आणि नात इंग्रजीत उत्तर देते. नातीला सगळं कळतं, पण मराठी वाक्य जुळवताना ती अडखळते. अशांना भाषाशास्त्रात अर्धवक्ते म्हणतात. त्यांना धरलं तर आकडा फुगतो, सोडलं तर शेकड्यांवर येतो. माझ्या मते बोलीच्या भवितव्यासाठी सर्वांत मोलाची माणसं हीच. त्यांच्या कानात सगळं आहे, फक्त जीभ सुटायची आहे. अगदी नवख्याला शिकवण्यापेक्षा चाळिशी-पन्नाशीतल्या अर्धवक्त्याला बोलतं करायला कितीतरी कमी वेळ लागतो. तरी बहुतेक योजना शाळेतल्या मुलांपासून सुरू होतात, कारण मुलांचे फोटो चांगले येतात.

टिपायचं म्हणजे नेमकं काय करायचं?

मोबाइल समोर धरून आजीला 'काहीतरी बोला' म्हणणं म्हणजे ध्वनिमुद्रण नव्हे. त्याचे साधे नियम आहेत.

आवाज वाव्ह स्वरूपात, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर घ्यावा. एमपी३ फाईल लहान होते, कारण ती आवाजातला काही भाग कायमचा फेकून देते. नेमका 'स', 'थ', 'फ' यांचा फरक त्यात पुसट होऊ शकतो, आणि बोलीचं वेगळेपण अनेकदा अशाच आवाजांत असतं. दोन चॅनेलच्या एका तासाला साधारण १ जीबी जागा लागते, म्हणजे आज अगदीच स्वस्त. कॉलरला लावायचा छोटा मायक्रोफोन तोंडापासून १५ ते २० सेंटिमीटरवर असावा. खोलीतला फ्रिज बंद करावा (आणि निघताना परत चालू करावा, हे सगळे विसरतात). दगडी भिंतींच्या रिकाम्या खोलीत आवाज घुमतो, तिथे खुर्च्यांवर घोंगड्या टाकल्या तरी पुष्कळ फरक पडतो.

प्रश्न कसा विचारता यावर सगळं अवलंबून असतं. 'मी उद्या बाजारात जाईन' याला तुमच्यात काय म्हणतात, असं इटालियनमध्ये विचारलं तर उत्तर इटालियनच्या साच्यातलं येतं. शब्द ग्रेको, सांगाडा इटालियन. शिवाय पाहुण्याशी अदबीने इटालियन बोलायची म्हाताऱ्यांना सवय असते. उपाय सोपा आहे: दोन ओळखीच्या म्हाताऱ्या माणसांना एकमेकांशी बोलतं करायचं आणि हातात काम द्यायचं. चीज काढून उरलेली निवळ तापवून रिकोत्ता नावाचं मऊ चीज काढणं चालू असताना जे बोलणं होतं ते प्रश्नावलीतून कधीच निघत नाही. प्रश्नावली नंतर, राहिलेली भोकं बुजवायला.

प्रत्येक मुद्रणासोबत तारीख, गाव, बोलणाऱ्याचं जन्मवर्ष, तिची आई कुठल्या गावची आणि घरात लहानपणी कोण काय बोलायचं, हे लिहून ठेवावं लागतं. याला मेटाडेटा म्हणतात, म्हणजे फाईलची जन्मपत्रिका. फाईलचं नाव 'आजी-२-नवीन' असेल आणि जन्मपत्रिका नसेल, तर वीस वर्षांनी तिचा उपयोग शून्य. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक गावाबाहेर. आणि परवानगी. ती एकदाच घ्यायची नसते. बोलण्याच्या ओघात शेजाऱ्याच्या जमिनीचं भांडण निघतंच. मुद्रण झाल्यावर पुन्हा विचारायचं: हे सगळ्यांना ऐकवू, घरच्यांपुरतं ठेवू, की पुसू?

मग खरा डोंगर येतो. एलान नावाचा मोफत प्रोग्राम आहे. त्यात आवाजाच्या पट्टीखाली वाक्यागणिक मजकूर, अर्थ आणि व्याकरणाच्या खुणा भरतात. ढोबळ हिशेब असा की एका तासाचं बोलणं नुसतं उतरवून अर्थ लावायला ३० ते ६० तास जातात. व्याकरणाच्या खुणा घालायच्या तर १०० च्या पुढे. म्हणून जगभरच्या अशा प्रकल्पांत एकच चित्र दिसतं: मुद्रणांचा ढीग आणि उतरवलेली थोडीशी पानं. आणि बोलणारी आजी गेल्यावर तिचा अडलेला शब्द सांगायला कुणी उरत नाही. शंभर तास मुद्रित करून दोन तास उतरवण्यापेक्षा दहा तास मुद्रित करून दहाही तास आजी असताना तिच्याशेजारी बसून उतरवणं कधीही चांगलं.

लिहायची कुठल्या लिपीत?

ग्रीक म्हटली की ग्रीक लिपी, असं बाहेरच्याला वाटतं. पण बोव्याच्या मुलाला शाळेत लॅटिन, म्हणजे ए-बी-सी-डीची, लिपी येते. ग्रेकोसाठी आणखी एक लिपी शिकायची म्हटलं की निम्मे गळतात. म्हणून लिखाण जास्त करून लॅटिन अक्षरांत होतं, आणि तिथे वेगळ्या अडचणी उभ्या राहतात. ग्रीकमध्ये 'ख'च्या जवळ जाणारा, घशातून घासून येणारा एक आवाज आहे. गावाला ग्रेकोत 'खोरा' म्हणतात, त्यातला पहिला. तो लॅटिन 'सी-एच' जोडीने लिहिला की इटालियन वाचक 'कोरा' वाचतो, कारण त्याच्या भाषेत ती जोडी 'क'ची आहे. फलक वाचून शिकलेला माणूस आयुष्यभर 'कोरा'च म्हणतो.

दुसरी गंमत मराठी वाचकाला विशेष कळेल. जुन्या ग्रीकमधल्या दुहेरी 'ल'चा ग्रेकोत 'ड्ड' झाला आहे, तोही आपण 'अड्डा' म्हणतो तसा, जीभ मागे वळवून. 'दुसरा' याला ग्रीसमध्ये 'आलो', ग्रेकोत 'अड्डो'. सिसिली आणि कालाब्रियाच्या बोलींतही हा आवाज आहे. आपल्याकडे त्याला सरळ 'ड' आहे. लॅटिन आणि ग्रीक या दोन्ही लिप्यांत त्याला अक्षरच नाही! मग दोन 'डी' आणि एक 'एच' अशी तीन अक्षरं जोडून काम भागवतात, आणि पुस्तकातून शिकणारा ते 'द्द' वाचतो. देवनागरीत लिहिली असती तर हा प्रश्न आलाच नसता, पण ते बोव्याला जाऊन सांगणार कोण.

शिवाय गावागावांत फरक आहेत. ग्रीक थीटा अक्षराचा उच्चार एका गावात एक, दुसऱ्यात दुसरा. एका गावाचं रूप 'शुद्ध' ठरवून पुस्तकात घातलं की बाकीच्या गावांतल्या म्हाताऱ्या म्हणतात, 'हे आमचं नव्हे', आणि गप्प होतात. आधीच थोडे बोलणारे, त्यातले निम्मे असे गमवायचे नसतात. व्यवहारी तोडगा हा की लिहायचे नियम एक ठेवायचे आणि शब्दकोशात प्रत्येक शब्दापुढे गावाचं नाव आणि त्या गावचा आवाज द्यायचा. दोन रूपं असतील तर दोन्ही छापायची.

कायदा आहे, शाळेत विषय आहे. मग अडचण काय?

इटलीच्या संविधानाचं सहावं कलम भाषिक अल्पसंख्याकांचं रक्षण सांगतं. ते प्रत्यक्षात आणणारा कायदा, क्रमांक ४८२, व्हायला १९९९ साल उजाडलं. त्यात बारा भाषिक समाज आहेत आणि ग्रीक त्यांत आहे. त्यातून फलक, पुस्तिका, शाळेतले तास अशा गोष्टींना पैसा मिळू शकतो.

आता गणित करू. शाळेचं वर्ष सुमारे ३३ आठवड्यांचं. आठवड्याला एक तास धरला तर वर्षाला ३३ तास. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याची प्रशिक्षण संस्था इंग्रजी भाषकाला ग्रीक कामापुरती यायला साधारण ११०० तास धरते. भागाकार केला तर ३३ वर्षं येतात. हा हिशेब मोठ्यांचा आहे, इंग्रजीवाल्यांचा आहे, हे मान्य. निम्मा केला तरी मूल शाळेतून बाहेर पडेपर्यंत पूर्ण होत नाही. शाळेच्या तासाने मुलाला रंग, आकडे, एक गाणं आणि बोलीबद्दल आपुलकी मिळते. आपुलकी ही लहान गोष्ट नव्हे, पण तिला बोलणं समजू नये.

न्यूझीलंडमध्ये माओरींनी १९८२ पासून 'भाषेची घरटी' चालवली. पाळणाघरात आजी-आजोबा दिवसभर फक्त माओरी बोलतात आणि मुलं आपोआप उचलतात. उपाय जोरदार आहे, पण त्याला पुरेशी मुलं लागतात आणि दिवसभर धावपळ झेपणाऱ्या आज्या लागतात. बोव्याची लोकवस्ती चारशेच्या आसपास. तरुण कामासाठी रेज्जोला, मिलानला, परदेशी गेलेले. घरटं बांधाल, पिल्लं आणाल कुठून?

मला इथे जास्त लागू वाटतो तो कॅलिफोर्नियात आदिवासी भाषांसाठी १९९० च्या दशकात सुरू झालेला मार्ग. एक जाणता म्हातारा, एक शिकणारा प्रौढ. आठवड्याला १० ते २० तास एकत्र, अशी दोन-तीन वर्षं. पुस्तक नाही, भाषांतर नाही. सोबत स्वयंपाक, छाटणी, शेळ्या, पत्ते. शिकणाऱ्याने पहिल्या दिवशी नमस्कार-चमत्कार पाठ करायचे नाहीत. 'हे काय आहे?', 'तुम्ही काय करताय?', 'पुन्हा सांगा', 'सावकाश बोला' ही वाक्यं आधी पाठ करायची, म्हणजे अडल्यावर इटालियनकडे पळावं लागत नाही. एक नवा शब्द वेगवेगळ्या प्रसंगांत वीसेक वेळा कानावर पडावा लागतो, तेव्हा तो जिभेवर येतो.

फसतं कुठे तेही ठरलेलं आहे. पहिल्या दहा मिनिटांत म्हातारा स्वतःच इटालियनवर घसरतो, कारण पन्नास वर्षांची सवय. किंवा त्याला 'शिकवणं' म्हणजे शब्दांचे अर्थ सांगणं वाटतं. किंवा शिकणाऱ्याच्या चुकीला घरचे हसतात आणि तो महिनाभर तोंड उघडत नाही. म्हणून जोडीला अधूनमधून भेटणारा, घसरणीची आठवण करून देणारा तिसरा माणूस लागतो. उन्हाळ्यात किनाऱ्यावरच्या बोवा मरीना गावात 'तो द्दोमादी ग्रेको', म्हणजे 'ग्रेको आठवडा', भरतो. तिथे तरुण आणि बाहेरून आलेले शिकणारे जमतात. एका आठवड्यात बोली येत नाही, पण अशा जोड्या जुळायला ती चांगली जागा आहे.

ग्रीसहून शिक्षक आणले तर?

आणले की मदत होते आणि घोटाळाही. ग्रीसचा शिक्षक प्रमाण ग्रीक शिकवणार. मूल घरी येऊन आजीला म्हणतं, 'असं नसतं, बाई म्हणतात असं असतं.' साठ वर्षांपूर्वी आजीला इटालियन मास्तरांनी चूक ठरवलं, आता ग्रीक मास्तर चूक ठरवतात. ती दुसऱ्यांदा गप्प होते. प्रमाण ग्रीक आली तर नोकरीला, प्रवासाला, वाचायला उपयोगी पडते, म्हणून ती शिकू नये असं नाही. पण तिचा तास वेगळा, पुस्तक वेगळं आणि शक्यतो शिक्षकही वेगळा असावा.

नव्या शब्दांचा तिढा याच पोटातला. मोबाइलला, संगणकाला ग्रेकोत काय म्हणायचं? अथेन्सचा शब्द घ्यावा, जुन्या धातूंपासून घडवावा, की इटालियन शब्दालाच ग्रेको प्रत्यय लावावा? शुद्धतावाद्यांना तिसरा पर्याय आवडत नाही. पण म्हातारी माणसं स्वतः शतकानुशतकं तेच करत आली आहेत. आपण 'दूरध्वनी' घडवला आणि 'फोन'वर बोलतो. तासाला थांबून शब्दकोश चाळावा लागेल अशी बोली कुणी स्वयंपाकघरात वापरत नाही.

हे सगळं आता यंत्र करेल ना?

यंत्राला आवाज ओळखायला शिकवण्यासाठी मोठ्या भाषांमध्ये हजारो तासांचं उतरवलेलं बोलणं वापरतात. ग्रेकोकडे तेवढा साठा नाही. प्रमाण ग्रीकवर शिकलेलं यंत्र ग्रेकोला लावलं तर ते ऐकलेलं नीट लिहीत नाही, ते 'सुधारतं'. 'अड्डो'चं 'आलो' करून टाकतं. म्हणजे ज्या वेगळेपणासाठी टिपायला बसलो तेच पुसून साफ मजकूर हातात देतं, आणि तो इतका साफ असतो की चूक दिसतही नाही. मुद्रणातली शांतता कापणं, कोण केव्हा बोललं ते वेगळं करणं, ही हमाली मात्र यंत्र उत्तम करतं, आणि ३० ते ६० तासांतले काही तास नक्की वाचवतं.

भाषा जन्मतात आणि मरतात. जाऊ द्यावी की!

भाषा मरतात हे खरं. पण ग्रेकोच्या बाबतीत यादी पाहा: बदललेली उपासना, शाळेतले टोमणे, एका राजवटीचं धोरण, पुनर्वसनात पांगलेला शेजार. यातलं निसर्गाचं काम फक्त पाऊस. दोन भाषांमुळे पोरं मागे पडतात, हेही कारण पूर्वी आईबापांना देत असत. घरी एक, शाळेत दुसरी आणि टीव्हीवर तिसरी भाषा ऐकत वाढलेल्या मराठी मुलांना ते सांगून पाहावं.

ठेवायची की सोडायची हा निर्णय मात्र शेवटी बोलणाऱ्यांचाच. बाहेरच्या हौशी माणसाने म्हातारीला 'तुमच्यावर संस्कृतीची जबाबदारी आहे' असं सांगायला जाऊ नये. तिने शेळ्या राखल्या, पूर पाहिला, पोरं शिकवली. तिच्यावर आणखी जबाबदाऱ्या टाकण्याचं काही कारण नाही.

यश कशावर मोजायचं?

अथेन्सच्या अकादमीने दक्षिण इटलीतल्या ग्रीक बोलींचा पाच खंडांचा कोश १९८४ ते १९९२ या काळात छापला. गावांच्या पाट्यांवर दोन भाषा आहेत. संग्रहालय आहे, कायदा आहे. या सगळ्या गोष्टी मोजायला सोप्या, म्हणून अहवालांत त्याच येतात. पाट्या तर एका बोलणाऱ्याविनाही उभ्या राहतात.

त्यापेक्षा एक साधी चाचणी आहे आणि तिला पैसे पडत नाहीत. चाळिशीच्या आतली दोन माणसं आणि एक म्हातारा टेबलाशी बसून ग्रेको बोलत आहेत. म्हातारा पाणी प्यायला उठून आत जातो. तो परत येईपर्यंत उरलेली दोघं कुठल्या भाषेत बोलतात ते ऐकायचं.